तीन मिनिटांची फिल्म पाच वेळा बघा: बिग बँडच्या जुन्या शॉर्ट फिल्म, नवीन लोकांसाठी

आधी एक गोंधळ मिटवून टाकते. आपल्याकडे ऑर्केस्ट्रा म्हटलं की गणपतीतला स्टेज डोळ्यासमोर येतो, किशोरचा आवाज काढणारा एक, आशाताईंची गाणी म्हणणारी एक, मागे ऑक्टोपॅडवाला आणि मधे मधे पीजे मारणारा निवेदक. इथे तो ऑर्केस्ट्रा नाहीये. ही अमेरिकेतल्या बिग बँडची गोष्ट आहे, म्हणजे साधारण १९२० च्या दशकाच्या शेवटापासून १९५० च्या सुरुवातीपर्यंतचे डान्स बँड, बारा ते सोळा माणसं, सगळ्यांचे एकसारखे कोट, समोर बँडलीडरच्या नावाची अक्षरं रंगवलेले छोटे स्टँड, आणि या बँडना घेऊन काढलेल्या तीनपासून वीस मिनिटांपर्यंतच्या फिल्म. थेटरात मेन पिक्चरच्या आधी न्यूजरील, कार्टून आणि अशी एखादी म्युझिकल शॉर्ट लागायची, नंतर तर या फिल्म बारमधल्या पेटीत नाणं टाकून बघायला मिळायला लागल्या, त्या पेटीबद्दल पुढे सांगते.

हे लिहायला बसले कारण ओळखीतल्या तिघाचौघांनी वेगवेगळ्या वेळी विचारलं की तू जे बघत बसतेस ते आम्हालाही बघायचंय, कुठून सुरू करू, आणि मी उत्साहाच्या भरात प्रत्येकाला दहा-बारा लिंका पाठवल्या. सगळ्यांनी दोन बघितल्या, तिसरी अर्धी, आणि मग "छान आहे गं, पण सगळं सारखंच वाटतं" असा मेसेज. त्यांचं बरोबरच होतं. ओळीने दहा बघितल्या तर सगळ्या सारख्याच, चकाचक कोट, पितळी वाद्यं, एक बाई येऊन गाणं म्हणते, दोघं टॅप डान्स करून जातात, संपलं. म्हणून आता मी एकच पाठवते आणि सांगते ही पाच वेळा बघ. तीन मिनिटांची आहे, पाच वेळा म्हणजे पंधरा मिनिटं, तेवढ्यात कुकर होतो.

ती एक फिल्म

पियानोवादक बँडलीडर ड्यूक एलिंग्टनची 'जॅम सेशन', १९४२ ची. यूट्यूबवर इंग्रजी अक्षरांत एलिंग्टनचं नाव, जॅम सेशन आणि साल टाइप केलं की येते, नाहीच आली तर 'सी जॅम ब्लूज' टाका, ट्यूनचं नाव ते आहे. एकाच फिल्मच्या पाच-सहा कॉप्या दिसतील. रंगवलेली असेल ती सोडा, आणि 'फोर के, साठ फ्रेम' असं काहीतरी लिहिलेली तर नक्कीच सोडा, कारण त्यात सॉफ्टवेअर मधल्या फ्रेम स्वतःच्या मनाने बनवतं आणि वादकाची बोटं मेण वितळल्यासारखी दिसायला लागतात, आणि आपल्याला तर नेमकी बोटंच बघायची आहेत. खरखरीत करडी कॉपी असेल ती घ्या.

पहिल्यांदा डोळे मिटून

बघायला बसलोय आणि डोळे काय मिटायचे असं वाटेल, पण करा. घरात पेटी असेल तर जवळ ओढा, नसेल तर मोबाईलवर पियानोचं ॲप चालेल. पांढरी एकचा सा धरलात तर या ट्यूनची अख्खी धून म्हणजे प आणि वरचा सा. दोन स्वर. मला कुणी सांगितलं तेव्हा मीही म्हटलं असं कसं, मग पेटीवर वाजवून बघितलं, दोनच. हाताशी त्या काळातले एक से एक वादक असताना एलिंग्टन एवढीशी धून ठेवतो, कारण मजा पुढे प्रत्येकजण तिचं काय करतो त्यात आहे. आपल्याकडे बंदिश दोन ओळींची आणि गाणं पाऊण तास, तसंच, फक्त इथे तीन मिनिटांत सगळ्यांना वाटून द्यायचंय.

आता मोजायला शिका, एवढं एक आलं की पुढचं सगळं सोपं होतं. चार ठोक्यांचा एक बार, असे बारा बार झाले की एक चक्कर पूर्ण, याला बारा बारचा ब्लूज म्हणतात. आजी जप करताना अंगठ्याने बोटांची पेरं मोजायची तशी मोजा, चार बोटं, प्रत्येकाला तीन पेरं, बरोब्बर बारा. एका पेरावर चार ठोके. शेवटचं पेर संपून पहिल्यावर आलात की समेवर आल्यासारखं वाटतं, तिथून नवी चक्कर. यात एक खोडी आहे. नवा वादक सोलो सुरू करतो तेव्हा साथ चार बार गप्प बसते आणि तो एकटाच वाजवत आत शिरतो, याला ब्रेक म्हणतात, हे चार बार वेगळे, पेरांवर धरायचे नाहीत. मी पहिल्यांदा धरले, आणि माझं शेवटचं पेर आलं तेव्हा तो बाबा मधेच कुठेतरी होता, मला वाटलं यांचंच चुकलंय.

दुसऱ्यांदा कोण काय वाजवतंय ते बघा

पियानोवर एलिंग्टन स्वतः. मग व्हायोलिन, रे नान्स, जो एरवी या बँडात ट्रम्पेट वाजवायचा. त्यानंतर रेक्स स्टुअर्ट, त्याच्या हातात ट्रम्पेटसारखं पण जरा बुटकं दिसतं ते कॉर्नेट, आणि हा गडी व्हॉल्व्ह पूर्ण न दाबता अर्धाच दाबून स्वर चिरडायचा, त्यासाठीच ओळखला जायचा. मग बेन वेब्स्टर, टेनर सॅक्स, आवाज असा की कानात कोणीतरी श्वास सोडतंय. मग जो नॅन्टन, ट्रॉम्बोन. याच्यापाशी थांबा. ट्रॉम्बोनच्या तोंडावर हा जे रबरी वाटीसारखं धरून उघडझाप करतो त्याला प्लंजर म्हणतात, आणि ते दुसरंतिसरं काही नसून बेसिन तुंबल्यावर वापरतो तो रबरी पंप आहे, दांडी काढलेला. त्यातून जो आवाज निघतो तो वाद्याचा वाटत नाही, कोणीतरी माणूस रडत-कुरकुरत काहीतरी सांगतोय असा वाटतो. शेवटी बार्नी बिगार्ड, क्लॅरिनेट, हे वाद्य आपण सगळ्यांनी लग्नाच्या वरातीत ऐकलेलं आहे. आणि ड्रमवर सॉनी ग्रीअर.

नावं पाठ करायची गरज नाही. नुसतं 'व्हायोलिनवाला, बुटका ट्रम्पेटवाला, पंपवाला' असं लक्षात ठेवा. पुढे दुसऱ्या फिल्ममध्ये तोच पंपवाला कोपऱ्यात बसलेला दिसतो तेव्हा ओळखीचा माणूस स्टेशनवर भेटल्यासारखं होतं.

तिसऱ्यांदा आवाज बंद करून

इथे या सगळ्या फिल्मची ग्यानबाची मेख आहे. तुम्ही जे ऐकताय आणि जे बघताय ते एका वेळी झालेलं नाही. साउंडीज म्हणजे त्या नाण्याच्या पेटीसाठी काढलेल्या फिल्म, आपली 'जॅम सेशन'ही त्यातलीच. त्यांच्या बाबतीत संगीत आधी स्टुडिओत रेकॉर्ड व्हायचं, मग वेगळं शूटिंग, सेटवर तीच रेकॉर्ड लावायची आणि वादकांनी वाजवल्याचं दाखवायचं. म्हणजे आपल्या पिक्चरमधल्या गाण्यांचं प्लेबॅक, फक्त ओठांच्या जागी अख्खा बँड. कधीकधी तर रेकॉर्डिंगला आलेला वादक शूटिंगला नसायचा आणि त्याच्या जागी भलताच माणूस वाद्य धरून बसलेला असायचा. म्हणून 'फिल्ममध्ये हा दिसतो म्हणजे हाच वाजवतोय' असं छातीठोक लिहू नका.

हे मला कोणी शिकवलं तर आमच्या जुन्या गल्लीतल्या काकांनी, आयुष्यभर लग्नाच्या बँडात क्लॅरिनेट वाजवलेला माणूस. मी मोठ्या कौतुकाने एक फिल्म दाखवायला घेतली, त्यांनी मोबाईल हातभर लांब धरून अर्धा मिनिट बघितलं आणि म्हणाले, "पोरी, हा फुंकतच नाहीये. गाल बघ, मान बघ. फुंकणाऱ्याच्या मानेची शीर अशी निवांत नसते." मग दुसऱ्याकडे बोट दाखवून, "हा मात्र खरंच वाजवतोय बरं का, आवाज गेला असेल वाया, पण वाजवतोय." तेव्हापासून मी आवाज बंद करून एकदा नुसते गाल आणि माना बघते. ट्रम्पेट-ट्रॉम्बोनवाल्यांत कोण कंटाळलाय आणि कोण रेकॉर्डच्या जोडीने खरोखर फुंकतोय हे कळतं. सगळ्यात अवघड काम ड्रमवाल्याचं, कारण काठी झांजेवर पडली आणि आवाज पाव सेकंदाने आला तर कोणालाही दिसतं.

चौथ्यांदा उजवं-डावं तपासा

हा भाग माझा सगळ्यात लाडका आहे आणि इथेच मी एकदा तोंडावर पडलेय. जुन्या एका क्लिपवरून मी एका ग्रुपमध्ये ठासून सांगितलं होतं की हा वादक डावखुरा आहे, चांगल्या चार ओळी लिहिल्या, दुसऱ्या दिवशी एकाने शांतपणे विचारलं की मग बाकीचे पंधराही डावखुरे आहेत का.

झालं असं की साउंडीज ज्या पेटीत दाखवायचे तिच्यात प्रोजेक्टर आतच असायचा आणि चित्र आरशांवरून फिरवून मागच्या बाजूने पडद्यावर पाडायचे. त्यामुळे पडद्यावर सरळ दिसावं म्हणून फिल्मची प्रिंटच उलटी काढायचे. ती प्रिंट पुढे कोणी साध्या प्रोजेक्टरवर चालवून कॉपी केली की सगळं आरशातल्यासारखं होतं. सुरुवातीची नावं असतील तर उलटी अक्षरं बघून लगेच कळतं, पण बऱ्याचदा नावं कापलेली असतात. मग हे बघायचं: ट्रम्पेटचे व्हॉल्व्ह उजव्या हाताने दाबतात, ट्रॉम्बोनची नळी उजव्या हाताने पुढेमागे करतात, व्हायोलिनचा गज उजव्या हातात असतो, पुरुषांच्या कोटाचा वरचा खिसा छातीच्या डाव्या बाजूला. अख्ख्या बँडात सगळं उलट दिसलं तर प्रिंट उलटी आहे, आणि एकाच माणसाचं उलट असेल तरच तो डावखुरा.

पाचव्यांदा काहीही करू नका. नुसती बघा. पहिल्यापेक्षा वेगळी फिल्म दिसेल.

ती पेटी

साउंडीजची ती पेटी कशी होती ते आता सांगते. १९४० साली शिकागोच्या मिल्स नॉव्हेल्टी कंपनीने पॅनोरॅम नावाची पेटी काढली, माणसापेक्षा उंच लाकडी कपाट, वरच्या अंगाला पडदा, आत १६ मिलिमीटरचा प्रोजेक्टर. या धंद्यात राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांचा मुलगा जेम्स भागीदार होता. बार, हॉटेल, बसस्टँड, अशा ठिकाणी ही पेटी ठेवायचे, दहा सेंटचं नाणं टाकलं की एक गाणं. इराण्याकडच्या ज्यूकबॉक्ससारखंच, पण एक मोठा फरक, इथे निवडता यायचं नाही. एका रिळावर आठ फिल्म एकामागे एक जोडलेल्या, रीळ गोल फिरत राहायचं, तुमच्या नाण्याला जी पुढे असेल ती दिसणार. एलिंग्टन बघायचा असेल आणि आधीच्या गिऱ्हाईकाने तोच बघून संपवला असेल तर मधली सात गाणी बघा नाहीतर घरी जा. १९४० च्या दशकात साधारण १८०० साउंडीज निघाल्या, आणि पेट्यांचा धंदा युद्धानंतर लवकरच गुंडाळला.

निवडता येत नाही याचा एक फायदा झाला असं मला वाटतं, म्हणजे लोकांना न मागितलेलं बघावं लागायचं. एकाच रिळावर पोल्का, हवाईयन गिटार, विनोदी गाणं आणि मधेच काळ्या कलाकारांचा एखादा जबरदस्त बँड.

त्याआधीचा जमाना व्हिटाफोनचा. वॉर्नर ब्रदर्सने ६ ऑगस्ट १९२६ ला न्यूयॉर्कमध्ये हा प्रकार पहिल्यांदा लोकांना दाखवला. फिल्म वेगळी, आवाज वेगळा, १६ इंची तबकडीवर, मिनिटाला ३३⅓ फेऱ्यांच्या वेगाने फिरणारी, आणि सुई बाहेरून आत न जाता आतून बाहेर यायची. एक तबकडी एका रिळाला पुरायची, साधारण दहा-अकरा मिनिटं. त्यामुळे या शॉर्ट्सची लांबी ठरूनच गेली. ऑपरेटरचे किती हाल होत असतील विचार करा, फिल्म मधे तुटली आणि दोन इंच कापून चिकटवली की तिथून पुढे गवयाचं तोंड आधी आणि आवाज नंतर, म्हणून कापलेल्या तुकड्याएवढीच काळी फिल्म मधे जोडायला लागायची. पुढे तबकडी एकीकडे आणि फिल्म दुसरीकडे अशी ताटातूट झाली, काहींची फिल्म आहे तर आवाज नाही, काहींचा आवाज आहे तर फिल्म नाही. १९९१ पासून व्हिटाफोन प्रोजेक्ट नावाने काही अमेरिकन संग्राहक या जोड्या परत जुळवतायत, आणि त्यातून बऱ्याच फिल्म पुन्हा बोलायला लागल्यात. नवीन लोकांसाठी एक सूचना, १९३० च्या दशकातल्या फिल्मवर व्हिटाफोन लिहिलेलं दिसलं म्हणजे तबकडी असेलच असं नाही, तोवर आवाज फिल्मवरच यायला लागला होता, नाव तेवढं चालू राहिलं.

याशिवाय युनिव्हर्सलच्या पंधरा मिनिटांच्या बँड शॉर्ट्स आणि टीव्हीसाठी काढलेल्या स्नेडर टेलिस्क्रिप्शन्स, १९५०-५२ च्या. या सध्या नाही बघितल्या तरी चालेल.

पुढे कुठल्या क्रमाने

'आर्टी शॉज क्लास इन स्विंग', पॅरामाउंट, १९३९. नावाप्रमाणे शिकवणीच आहे, बँडातले विभाग एकेक करून समजावून सांगतात, एका बाजूला सॅक्सवाले, मग ट्रम्पेट-ट्रॉम्बोन म्हणजे ब्रास, आणि या सगळ्यांच्या खाली पियानो, गिटार, बास, ड्रम म्हणजे ऱ्हिदम सेक्शन. शिकवणी म्हणून बघा, आणि ड्रमवर बसलेल्या पोराकडे लक्ष ठेवा, तो बडी रिच, तेव्हा विशीत, आणि पुढे जगातला सगळ्यात फास्ट ड्रमर म्हणून ज्याच्यावरून भांडणं होतात तो.

मग गोष्टवाल्या फिल्म. 'ब्लॅक अँड टॅन', १९२९, दिग्दर्शक डडली मर्फी. एलिंग्टन भाड्याच्या खोलीत पियानोवर बसलाय, हप्ते थकलेत, दोन माणसं पियानो उचलायला येतात, आणि त्याची मैत्रीण, फ्रेडी वॉशिंग्टन, त्यांना दारूची बाटली देऊन परत पाठवते. तिचं हृदय कमजोर, तरी ती क्लबमध्ये नाचते, बँडला काम मिळावं म्हणून. नाचताना तिला भोवळ यायला लागते तेव्हा कॅमेरा तिच्या डोळ्यांनी बघायला लागतो, एकाचे पाच एलिंग्टन, वाद्यं फुटलेल्या आरशातल्यासारखी. बोलपट सुरू होऊन जेमतेम दोन वर्षं झालेली आणि हा माणूस हे करतोय. ती मरायला टेकलेली असताना बँड तिच्या खोलीत वाजवतो, आणि त्या रचनेच्या शेवटी शोपाँ या संगीतकाराने रचलेल्या अंत्ययात्रेच्या धुनेचा तुकडा येतो. मला गोष्ट जरा रडकी वाटते, खोटं कशाला बोलू, पण तो तुकडा येतो तेव्हा दरवेळी काटा येतो.

त्यानंतर 'सिम्फनी इन ब्लॅक', १९३५, पॅरामाउंट, दिग्दर्शक फ्रेड वॉलर, ज्याने पुढे सिनेरामा, म्हणजे भल्यामोठ्या वक्र पडद्याचा सिनेमा, शोधून काढला. नऊ-दहा मिनिटांत चार भाग, मजुरांचा, प्रेमाच्या त्रिकोणाचा, शोकाचा आणि हार्लेमचा, म्हणजे न्यूयॉर्कमधल्या काळ्या लोकांच्या वस्तीचा. मधल्या भागात एक पोरगी रस्त्यावर ढकलली जाते आणि पडल्यापडल्या गायला लागते, जेमतेम मिनिटभर. ती बिली हॉलिडे, पुढे जॅझची मोठी गायिका झाली ती, तेव्हा वय अवघं १९-२०, पडद्यावर गाताना दिसते ती ही पहिलीच वेळ. इथे रिवाइंडचं बटण झिजतं.

हसायचं असेल तर कॅब कॅलोवेची १९३४ ची 'हाय-डी-हो', ट्रेनच्या बर्थवर रात्री पायजमे घातलेला बँड प्रॅक्टिस करतो. शिस्त बघायची असेल तर जिमी लन्सफर्डची १९३६ ची. नाच बघायचा असेल तर एलिंग्टनचीच 'हॉट चॉकलेट' ही साउंडी, त्यातले लिंडी हॉपवाले एकमेकांना असे फेकतात की मी सोफ्यावर पाय वर घेते. बायकांचा बँड बघायचा असेल तर आयना रे हटनच्या पॅरामाउंट शॉर्ट्स. यात कॅमेरा बिचारा तिच्या गाऊनवरून हलत नाही, तुम्ही मात्र मागच्या पोरी काय वाजवतायत ते ऐका. आणि १९४० च्या दशकातला इंटरनॅशनल स्वीटहार्ट्स ऑफ ऱ्हिदम हा बायकांचाच बँड जरूर शोधा, त्यात काळ्या, गोऱ्या, आशियाई वंशाच्या अशा सगळ्या मुली होत्या, ज्या काळात अमेरिकेच्या दक्षिणेत त्यांनी एका बसमधून फिरणंही धोक्याचं होतं.

जे बघवत नाही ते

हे आधीच सांगते म्हणजे दचकायला होणार नाही. या फिल्म वर्णभेदाच्या काळातल्या आहेत आणि तो लपलेला नाहीये. लुई आर्मस्ट्राँगची १९३२ ची 'रॅप्सडी इन ब्लॅक अँड ब्लू' घ्या, जगातल्या सर्वोत्तम ट्रम्पेटवाल्याला बिबट्याचं कातडं नेसवून साबणाच्या फेसात उभं केलंय, आळशी काळा नवरा आणि त्याला झोडपणारी बायको ही बाकीची गोष्ट. 'ब्लॅक अँड टॅन'मधले पियानो उचलायला येणारे दोघं अशाच टिंगलीसाठी आहेत. भाचीला दाखवायच्या आधी मी तिला हे सगळं सांगितलं, न सांगता लावली असती तर ती त्या कातड्यावर हसली असती आणि मला ते नको होतं. पण बंद करू नका. कातडं नेसवलेला माणूस ट्रम्पेट ओठाला लावतो आणि त्या दोन मिनिटांत सेट, फेस, दिग्दर्शक सगळे लहान होऊन जातात, हे बघण्यासारखं आहे.

काही गोष्टी पटकन दिसत नाहीत. एकत्र वाजवणारे काळे-गोरे वादक पडद्यावर सहसा एकत्र दिसायचे नाहीत. १९३० च्या एका पूर्ण लांबीच्या पिक्चरमध्ये एलिंग्टनच्या बँडातल्या दोघांना, वान टिझोल आणि आपला क्लॅरिनेटवाला बिगार्ड, रंग उजळ होता म्हणून तोंडाला काळं फासायला लावलं, का तर प्रेक्षकांना बँड मिश्र वाटू नये. हे माहीत असेल तर जीन क्रुपाच्या बँडची १९४२ ची साउंडी 'लेट मी ऑफ अपटाउन' बघताना धक्का बसतो. गोरी गायिका अनिता ओ'डे आणि काळा ट्रम्पेटवादक रॉय एल्ड्रिज समोरासमोर उभे राहून एकमेकांची थट्टा करतायत, एका फ्रेममध्ये, बरोबरीने. आज बघताना त्यात काहीच वाटत नाही, तेव्हा ते सहज दिसणारं दृश्य नव्हतं.

पैसे घालवण्याआधी

बहुतेक गोष्टी यूट्यूब आणि इंटरनेट आर्काइव्हवर फुकट आहेत, पण वर्णनातली सालं आणि वादकांची नावं डोळे झाकून मानू नका, एकाने चुकीचं लिहिलं की पन्नासजण तेच चिकटवतात. चांगल्या प्रिंट हव्या असतील तर वॉर्नरच्या बिग बँड शॉर्ट्सचा डीव्हीडी संच आहे, आणि २०२३ मध्ये किनो लॉर्बर कंपनीने २०० साउंडीजचा ब्लू-रे संच काढलाय. डिस्क मागवण्याआधी रिजन, म्हणजे ती कुठल्या देशांत चालते त्याचा नंबर, बघा, मी अमेरिकेहून येणाऱ्या नातेवाइकाच्या बॅगेतून एक संच मागवला, आला, लावला, आणि प्लेअरने सरळ नाही म्हणून सांगितलं. अमेरिकेचा डीव्हीडी रिजन १ आणि आपला ५, सगळे रिजन चालणारा प्लेअर असेल तरच उपयोग.

आणखी एक तपासणी, पेटी परत बाहेर काढा. फिल्म सेकंदाला २४ फ्रेमने चालते, पण युरोपातल्या आणि आपल्याकडच्या जुन्या टीव्हीच्या पद्धतीत ती २५ ने चालवली जायची, म्हणजे चार टक्के जास्त वेग, आणि स्वर जवळजवळ अर्ध्या स्वराने वर चढतो. 'जॅम सेशन' लावून पांढरी एक दाबा. जुळली तर कॉपी बरी. पांढरी एक आणि काळी एकच्या मधे कुठेतरी लोंबकळत असेल तर दुसरी कॉपी शोधा, नाहीतर वादक नसतील तेवढ्या घाईत वाजवताना दिसतात आणि आपण म्हणतो वा काय स्पीड.

जुन्या फिल्मना आणखी एक किंमत आहे. १ ऑगस्ट १९४२ पासून अमेरिकेतल्या वादकांच्या युनियनने रेकॉर्ड कंपन्यांसाठी वाजवणं बंद केलं, सगळ्यात मोठ्या कंपन्यांशी मिटायला नोव्हेंबर १९४४ उजाडलं. त्या दोन वर्षांत एखादा बँड कसा वाजत होता हे ऐकायला मुख्यतः रेडिओची रेकॉर्डिंग आणि पिक्चरचे साउंडट्रॅक हाताशी येतात.

आपल्याकडचा धागा

तो खरा आहे, ओढूनताणून नाही. १९३५ साली लिऑन ॲबी हा अमेरिकन बँडलीडर आपला बँड घेऊन मुंबईच्या ताजमध्ये वाजवायला आला, आणि पुढच्या काही वर्षांत गोव्याचे कितीतरी वादक या संगीतात तयार झाले. त्यातला हळदोण्याचा ॲन्टोनियो झेवियर वाझ, म्हणजे चिक चॉकलेट, आर्मस्ट्राँगच्या ढंगाने ट्रम्पेट वाजवायचा, आणि आपल्या सी. रामचंद्रांकडे, म्हणजे पुणतांब्याच्या चितळकर अण्णांकडे, सहायक होता. १९५१ चा भगवानदादांचा 'अलबेला' परत बघा, 'दीवाना परवाना' लागलं की भगवानदादांवरून नजर काढून मागच्या झालरीच्या शर्टवाल्या बँडकडे न्या, चिक चॉकलेट आणि त्याची माणसं आहेत. गाल बघा, माना बघा, वरच्या सगळ्या पायऱ्या इथेही चालतात.

शेवटचं म्हणजे वही ठेवा. फोनमधली नको, कागदाची, कारण फोनवर फिल्म चालू असते. माझ्या वहीतली 'जॅम सेशन'ची नोंद अशी आहे: "प सां. ब्रेक ४ + चक्कर १२. गज उजव्या हातात, प्रिंट सरळ. पंपवाल्याची वाटी बघ, उघडली की 'वा' झाकली की 'ऊ'. आवाज बंद करून बघितलं, काकांना दाखवायची आहे." खाली वेगळ्या पेनाने, दोन महिन्यांनी: "दाखवली. काका म्हणाले क्लॅरिनेटवाल्याची बोटं खरी आहेत."